पहिला कंपायलर कोणी लिहिला? आणि त्या काळाबद्दल वारंवार विचारले जाणारे इतर प्रश्न

प्रोग्रामिंग भाषांचा इतिहास अभ्यासक्रमात बहुतेक वेळा एका तक्त्यात उरकतो: १९५७ फोर्ट्रान, १९५८ लिस्प, १९६० कोबॉल. परीक्षेपुरतं ते पुरतं. पण त्या काळातली सगळ्यात मोठी गोष्ट तक्त्यात दिसतच नाही. कंपायलर म्हणजे माणसाने सोप्या भाषेत लिहिलेलं यंत्राच्या आज्ञांत उतरवणारा प्रोग्राम. यंत्रासाठी यंत्रानेच लिहिलेला प्रोग्राम माणसाने लिहिलेल्या प्रोग्रामच्या तोडीचा असू शकतो, यावर तेव्हा फार थोड्यांचा विश्वास होता. तो विश्वास कसा कमावला गेला, हे मला या इतिहासातलं सर्वांत मोलाचं वाटतं. म्हणून फोर्ट्रानवरचं उत्तर खाली सर्वांत लांब आहे.

कंपायलर नव्हते तेव्हा प्रोग्राम लिहायचे कसे?

अगदी सुरुवातीला 'लिहायचे' हा शब्दच लागू नव्हता. फिलाडेल्फियातल्या एनिॲक या यंत्रात सुमारे १८,००० व्हॅक्यूम ट्यूब होत्या. नवं गणित द्यायचं म्हणजे केबल एका जागेहून काढून दुसरीकडे जोडायच्या आणि शेकडो स्विच फिरवायचे. १९४५-४६ मध्ये हे काम सहा तरुणींनी केलं: के मॅकनल्टी, बेटी जेनिंग्ज, बेटी स्नायडर, मार्लिन वेस्कॉफ, फ्रॅन बायलस आणि रूथ लिक्टरमन. कित्येक वर्षं त्यांचं नावही कोणी घेत नव्हतं. यातल्या बेटी स्नायडर यांची गाठ पुढे आणखी दोनदा पडणार आहे.

नंतर प्रोग्राम यंत्राच्या मेमरीतच ठेवायची पद्धत आली. केंब्रिजच्या एडसॅक यंत्राने ६ मे १९४९ रोजी आपला पहिला प्रोग्राम चालवला. आता आज्ञा म्हणजे एक आकडा: त्यातला काही भाग 'काय करायचं' ते सांगणार, उरलेला 'मेमरीतल्या कोणत्या घरातल्या संख्येवर करायचं' ते सांगणार. मँचेस्टरच्या यंत्रावर तर हे आकडे टेलिप्रिंटरच्या ३२ चिन्हांत, तेही उलट्या क्रमाच्या द्विमान पद्धतीत लिहावे लागत.

खरा त्रास आकडे पाठ करण्याचा नव्हता, पत्त्यांचा होता. एखाद्या चाळीत सगळ्या खोल्यांना ओळीने क्रमांक आहेत आणि मध्येच एक नवी खोली काढली, असं समजा. पुढच्या प्रत्येक खोलीचा क्रमांक एकाने सरकला आणि जुन्या पत्त्यावर येणारं प्रत्येक पत्र शेजाऱ्याच्या दारात पडायला लागलं. प्रोग्राममध्ये एक आज्ञा विसरली आणि ती मध्ये घालायची म्हटली की नेमकं हेच व्हायचं. पुढचे सगळे पत्ते हाताने दुरुस्त करायचे, आणि त्या दुरुस्तीत नव्या चुका.

एडसॅकवर डेव्हिड व्हीलर या बाविशीतल्या संशोधकाने यावर पहिला देखणा उपाय केला. बेरजेसाठी एक अक्षर, वजाबाकीसाठी दुसरं, आणि पत्ता साध्या दशमान आकड्यांत. हे कागदी फितीवर टोचायचं. यंत्र सुरू होताना त्यात आधीच बसवलेल्या ३१ आज्ञा ती फीत वाचून द्विमान रूपात मांडणार. फक्त ३१ आज्ञा! नेहमी लागणाऱ्या सबरुटीनच्या (ठरावीक काम करणाऱ्या तयार तुकड्यांच्या) फितींचं एक ग्रंथालयही केंब्रिजला तयार झालं. या यंत्राचे प्रमुख मॉरिस विल्क्स यांनी पुढे आठवण लिहून ठेवली आहे: आपल्या उरलेल्या आयुष्याचा मोठा भाग आपल्याच प्रोग्राममधल्या चुका शोधण्यात जाणार, हे त्यांना त्याच काळात एकदा जिना चढताना अचानक उमगलं.

असेंबलर आणि कंपायलर यांत फरक काय?

असेंबलर तुमची एक ओळ घेऊन साधारण एक यंत्र-आज्ञा देतो. विचार तुम्हाला यंत्राच्याच पद्धतीने करावा लागतो. लंडनच्या बर्कबेक कॉलेजात कॅथलीन बूथ यांनी १९४७ च्या सुमारास अशा सांकेतिक लेखनाची पायाभरणी केली. कंपायलरला तुम्ही गणिताचं सूत्र देता आणि त्यासाठी कोणत्या आज्ञा, कोणत्या क्रमाने, मधली उत्तरं कुठे ठेवायची, हे तो ठरवतो.

मग पहिला कंपायलर कोणाचा?

हा प्रश्न सर्वांत जास्त वेळा येतो, आणि एका नावाचं उत्तर देणाऱ्यावर मी विश्वास ठेवत नाही. कारण त्या दहा वर्षांत 'कंपायलर' या शब्दाचा अर्थच बदलत होता. दावेदार असे.

जर्मनीत कोनराड त्सूझं यांनी १९४२ ते १९४५ या युद्धाच्या धामधुमीत 'प्लानकाल्क्यूल' नावाची भाषा कागदावर रचली. तिच्यात ॲरे (एका नावाखाली ओळीने ठेवलेल्या संख्या) होते, रेकॉर्ड (एकत्र बांधलेली वेगवेगळी माहिती) होते, अटी होत्या. बुद्धिबळाच्या नियमांसाठी त्यांनी तिच्यात प्रोग्रामही लिहिले. पण ती पूर्ण रूपात छापली गेली १९७२ मध्ये. तोवर जग वेगळ्या वाटेने पुढे गेलं होतं. भाषा होती, कंपायलर नव्हता.

झुरिकच्या तंत्रविद्यापीठात, जिथे त्सूझं यांचंच झेड-४ यंत्र भाड्याने आणलं होतं, हाइन्त्स रुटिसहाउझर यांनी १९५१ च्या सुमारास बीजगणिती सूत्रांचं यंत्र-आज्ञांत रूपांतर कसं करायचं ते मांडलं. त्याच संस्थेत कोराडो ब्यॉम या इटालियन विद्यार्थ्याने १९५१ च्या प्रबंधात एक भाषा रचली आणि तिचा अनुवादक त्याच भाषेत लिहून दाखवला. हे सगळं कागदावरच राहिलं, पण विचार म्हणून थक्क करणारं आहे.

अमेरिकेत जॉन मॉक्ली यांच्या कल्पनेतून १९४९-५० मध्ये 'शॉर्ट कोड' आला. त्यात सूत्रं लिहिता येत, पण तो इंटरप्रिटर होता: प्रत्येक ओळ चालवताना पुन्हा पुन्हा वाचायची. थेट मशीन कोडच्या मानाने सुमारे ५० पट संथ.

१९५१ मध्ये बेटी स्नायडर (आता होल्बर्टन) यांनी युनिव्हॅक या संगणकासाठी सॉर्ट-मर्ज जनरेटर लिहिला. फाइलची रचना सांगा, तो त्या फाइलसाठीचा सॉर्टिंगचा प्रोग्राम लिहून देतो. प्रोग्रामने प्रोग्राम लिहिल्याचं हे फार लवकरचं उदाहरण. युनिव्हॅकवरच प्रोग्राम करणाऱ्या ग्रेस हॉपर यांनी याच कामापासून आपण शिकलो असं मोकळेपणाने सांगितलं आहे. मग १९५२ मध्ये हॉपर यांचा ए-० आला. त्याबद्दल पुढच्या उत्तरात.

१९५२ मध्येच मँचेस्टरला ॲलिक ग्लेनी यांनी 'ऑटोकोड' बनवला. तो वापरात आला, खऱ्या यंत्रावर चालला आणि खरोखर अनुवाद करत होता. पण तो यंत्राच्या रचनेला फार चिकटून होता आणि इतरांनी तो फारसा उचलला नाही. १९५४ मध्ये एमआयटीच्या व्हर्लविंड यंत्रावर लॅनिंग आणि झियरलर या दोघांची प्रणाली तर अगदी वहीतल्यासारखी बीजगणिती सूत्रं घेई. तिची गती मात्र कमी होती.

माझं मत विचाराल तर: चालणाऱ्या कंपायलरचा पहिला मान ग्लेनी यांना, शब्दाचा आणि त्यासाठी झगडण्याचा मान हॉपर यांना, आणि आज आपण ज्याला कंपायलर म्हणतो तो पूर्ण अर्थाने पहिल्यांदा दिसतो तो १९५७ च्या फोर्ट्रानमध्ये.

'कंपायलर' हेच नाव का?

हॉपर यांच्या गटात तेव्हा चांगली चाललेली सबरुटीन प्रत्येकाच्या वहीत असायची. नवा प्रोग्राम करताना ती दुसऱ्याच्या वहीतून हाताने उतरवून घ्यायची आणि पत्ते बदलायचे. उतरवताना चुका ठरलेल्या. हॉपर यांनी ती सबरुटीन चुंबकीय फितीवर ठेवली, प्रत्येकाला क्रमांक दिला आणि यंत्राला सांगितलं: ही यादी घे, त्या त्या क्रमांकाचे तुकडे शोधून आण, पत्ते जुळव आणि एकसंध प्रोग्राम तयार कर. हे संकलनाचं काम होतं, म्हणून 'कंपायलर'.

आपल्याकडे पारिभाषिक शब्द 'संकलक' असा केला. कवितासंग्रहाचा संकलक जसा इकडचे तिकडचे तुकडे गोळा करतो, तसा. अनेकांना तो शब्द ओढूनताणून केलेला वाटतो. आजच्या कंपायलरला तो नीट बसत नाही हे खरं, पण ए-० ला तो तंतोतंत बसतो. आजच्या भाषेत ए-० हा लिंकर-लोडरच्या, म्हणजे तयार तुकडे जोडून मेमरीत ठेवणाऱ्या प्रोग्रामच्या, जास्त जवळ जातो.

पतंग सापडला म्हणून 'बग' म्हणायला लागले का?

नाही. ९ सप्टेंबर १९४७ रोजी हार्वर्डच्या मार्क-२ यंत्राच्या रिलेत (विजेवर चालणाऱ्या स्विचमध्ये) पतंग सापडला, तो नोंदवहीत चिकटवला गेला आणि ते पान आजही जपलेलं आहे. पण 'बग' हा शब्द एडिसनच्या पत्रव्यवहारात १८७८ मध्येच सापडतो. 'खराखुरा बग सापडला' अशी नोंद गमतीने केली, यातच शब्द आधीपासून होता हे आलं. तो पतंग हॉपर यांनी स्वतः शोधला असंही नाही. त्यांनी ती गोष्ट सांगून लोकप्रिय केली.

इतक्या सोयीच्या गोष्टीला विरोध कशासाठी?

यंत्राचा वेळ महाग होता. शिवाय तोवरच्या 'सोयीच्या' प्रणाली खरोखरच संथ होत्या, त्यामुळे शंका घेणाऱ्यांकडे पुरावा होता. अपूर्णांकांचं फ्लोटिंग पॉइंट गणित यंत्राला मुळात येत नसे, ते सबरुटीनने करावं लागे. त्यातच इतका वेळ जाई की इंटरप्रिटरचा संथपणा त्यात खपून जाई. आयबीएम ७०४ या संगणकात फ्लोटिंग पॉइंट आणि इंडेक्स रजिस्टर (ओळीने पुढे सरकणारे पत्ते सांभाळणाऱ्या जागा) यंत्रातच आले आणि हा आडोसा गेला. आता अनुवादक संथ असेल तर तो उघडा पडणार होता.

आणि दुसरं कारण माणसांचं होतं. मेमरीतली चार घरं वाचवण्यासाठी लढवलेली युक्ती ही त्या काळच्या प्रोग्रामरची कारागिरी होती. ती यंत्राला जमेल हे मान्य करणं सोपं नव्हतं.

फोर्ट्रानने हे कसं जिंकलं?

जॉन बॅकस यांनी १९५३ च्या अखेरीस आयबीएममधले आपले वरिष्ठ कथबर्ट हर्ड यांना एक छोटं पत्र लिहिलं. मुद्दा पैशाचा होता: संगणक केंद्राच्या खर्चापैकी तीन चतुर्थांशापर्यंत खर्च प्रोग्राम लिहिण्यात आणि त्यातल्या चुका काढण्यात जातो. परवानगी मिळाली आणि १९५४ मध्ये काम सुरू झालं. कधी संपेल असं विचारलं की उत्तर असायचं, सहा महिन्यांत. प्रत्यक्षात लागली तीन वर्षं.

गट लहान होता: बॅकस, अर्विंग झिलर, हार्लन हेरिक, रॉबर्ट नेल्सन, पीटर शेरिडन, रॉय नट, शेल्डन बेस्ट, रिचर्ड गोल्डबर्ग, डेव्हिड सेअर, रॉबर्ट ह्यूज आणि नुकतीच पदवी घेऊन आलेली लोइस हाइब्ट. यंत्र रात्री मोकळं मिळे म्हणून ते न्यूयॉर्कच्या एका हॉटेलात खोल्या घेऊन दिवसा झोपत आणि रात्री काम करत.

भाषा कशी दिसावी याचा त्यांनी फार खल केला नाही. सगळी ताकद लावली ती एकाच गोष्टीवर: निघणारा मशीन कोड चांगल्या प्रोग्रामरच्या हाताइतका जलद हवा. नाही तर कोणी वापरणारच नाही, याची बॅकस यांना पक्की जाणीव होती.

अनुवादकाचे सहा भाग होते. पहिल्या भागात सूत्रं वाचून त्यांची फोड होई. दुसरा भाग लूपमधल्या (पुन्हा पुन्हा चालणाऱ्या भागातल्या) ॲरेच्या पत्त्यांचं गणित असं लावे की लूपच्या प्रत्येक फेरीत गुणाकार करावा लागू नये, नुसती बेरीज पुरावी. मला सर्वांत आवडतो तो चौथा, हाइब्ट यांनी केलेला. ७०४ मध्ये इंडेक्स रजिस्टर तीनच. ती कोणाला द्यायची हे ठरवायला प्रोग्रामचा कोणता भाग किती वेळा चालतो ते कळायला हवं. पण प्रोग्राम तर अजून चाललेलाच नाही! मग हा भाग प्रोग्रामच्या वाटांवरून यादृच्छिक पद्धतीने, फासे टाकल्यासारखा, अनेकदा फिरून येई आणि कुठून किती वेळा गेलो ते मोजे. जिथे वर्दळ जास्त तिथली सोय आधी. पाचव्या भागात बेस्ट यांनी त्या मोजणीवरून रजिस्टरांची वाटणी केली. निघालेल्या कोडमधली काही वळणं इतकी अनपेक्षित असत की ती चूक असावी असं समजून गटातलीच माणसं शोधत बसत, आणि शेवटी कंपायलरच बरोबर निघे.

१९५७ च्या त्यांच्या निबंधात एक साधा अनुभव दिला आहे. एका प्रोग्रामरने एक दिवसाचा वर्ग केला, थोडं वाचलं आणि चार तासांत ४७ ओळींचा फोर्ट्रान प्रोग्राम लिहिला. यंत्राने सहा मिनिटांत त्याच्या सुमारे १,००० आज्ञा केल्या. उत्तर चुकलं; त्याने आपल्याच ओळींत चूक शोधली, सुधारली आणि काम झालं. हाताने कोड लिहायला तीन दिवस लागले असते असा त्याचा अंदाज होता, चुका शोधायचा वेळ वेगळा.

एप्रिल १९५७ मध्ये पिट्सबर्गजवळच्या वेस्टिंगहाउस-बेटिस प्रयोगशाळेत भोकं पाडलेल्या कार्डांचा एक गठ्ठा आला. सोबत काहीच कागदपत्र नव्हते. तो फोर्ट्रानचा कंपायलर असावा असा अंदाज करून तिथल्या लोकांनी तो चालवून पाहिला. पहिल्या चाचणी प्रोग्रामला कंपायलरने उत्तर दिलं: या 'गो टू' मध्ये (दुसऱ्या ओळीवर जाण्याच्या आज्ञेत) उजव्या कंसानंतर स्वल्पविराम नाही. स्वल्पविराम घातला, आणि प्रोग्राम चालला. बाहेरच्या वापरकर्त्याला फोर्ट्रानने सांगितलेली पहिली गोष्ट म्हणजे नेमकी, उपयोगी दुरुस्ती. पुढच्याच वर्षी ७०४ वापरणाऱ्या २६ केंद्रांची पाहणी झाली, तेव्हा निम्म्याहून जास्त केंद्रं आपली निम्म्याहून जास्त कामं फोर्ट्रानमध्ये करत होती.

फोर्ट्रानची ओळ ७२ व्या रकान्यात का संपते? आय ते एन अक्षरांनीच पूर्णांक का?

कार्डावर ८० रकाने, पण ७०४ चा कार्ड वाचणारा भाग एका वेळी ७२ च घेई. उरलेल्या आठांत कार्डाचा अनुक्रमांक टोचत. गठ्ठा हातातून पडला तर पुन्हा लावायला तोच आधार. अक्षरांचं कारण गणितातलं: क्रमदर्शक पूर्णांकांसाठी आय, जे, के, एन वापरायची सवय होतीच.

कोबॉल ग्रेस हॉपर यांनीच बनवली ना?

थेट नाही. त्यांची फ्लो-मॅटिक ही भाषा कोबॉलची मुख्य पूर्वज आहे, आणि व्यवसायाच्या लोकांना चिन्हं नकोत, इंग्रजी शब्द हवेत हा आग्रह त्यांचा. हॉपर एक प्रसंग सांगत: त्यांनी वरिष्ठांसमोर एक प्रोग्राम आधी इंग्रजी शब्दांत चालवला, मग तोच फ्रेंच आणि जर्मन शब्दांत. यंत्राला सगळे शब्द सारखेच, हे दाखवायचं होतं. वरिष्ठ मात्र बिथरले; अमेरिकेतल्या यंत्राला फ्रेंच-जर्मन कसं समजेल! मराठी शब्दांतही ते तसंच चाललं असतं.

कोबॉल घडली ती समितीत. बरोज कंपनीच्या मेरी हॉज यांनी सगळ्या कंपन्यांसाठी एक सामाईक भाषा हवी असा विषय काढला आणि मे १९५९ मध्ये पेंटागॉनमध्ये बैठक झाली. भाषेचा आराखडा नोव्हेंबरमध्ये सहा जणांनी बसून पुरा केला. त्यात जीन सॅमेट आणि गर्ट्रूड टियरनी होत्या. बेटी होल्बर्टनही समितीच्या कामात होत्या. काम इतकं रखडत होतं की हॉवर्ड ब्रॉमबर्ग यांनी 'कोबॉल' कोरलेली एक थडग्याची शिळाच विकत घेऊन वरिष्ठांना धाडली. पण डिसेंबर १९६० मध्ये एकच कोबॉल प्रोग्राम आरसीए आणि युनिव्हॅक या दोन वेगळ्या यंत्रांवर चालला, आणि तो क्षण माझ्या मते फोर्ट्रानच्या गतीइतकाच मोठा आहे.

चाळीस वर्षांनी याच भाषेतल्या दोन आकडी वर्षांची दुरुस्ती करण्यात मुंबई-पुण्यातल्या हजारो तरुणांची करिअर सुरू झाली. वायटूके म्हणून ते सगळ्यांना आठवत असेल.

अल्गोल ही भाषा फारशी वापरातच नाही, मग तिचं इतकं कौतुक का?

कारण तिच्यामुळे भाषेचं व्याकरण काटेकोर लिहायची रीत मिळाली. बॅकस यांनी सुचवलेली आणि पीटर नाउर यांनी १९६० च्या अल्गोल अहवालात वापरलेली ही पद्धत अशी:

⟨पूर्णांक⟩ ::= ⟨अंक⟩ | ⟨पूर्णांक⟩⟨अंक⟩

म्हणजे एक अंक हा पूर्णांक. किंवा आधीच्या पूर्णांकापुढे आणखी एक अंक लावला तरी तो पूर्णांकच. दोन पर्यायांत अगणित संख्या आल्या. त्याआधी भाषेचे नियम वर्णनाने सांगत, आणि वेगवेगळे कंपायलर वेगवेगळा अर्थ लावत.

हे पाणिनीने आधीच केलं होतं का? आणि संस्कृत संगणकासाठी सर्वोत्तम असं नासाने म्हटलंय?

पहिल्या प्रश्नाला भक्कम आधार आहे. १९६७ मध्ये पीटर इंगरमन यांनी संगणकशास्त्राच्या प्रमुख नियतकालिकात पत्र लिहून या पद्धतीला 'पाणिनी-बॅकस फॉर्म' म्हणावं असं सुचवलं. शाळेत शिकलेला संधी आठवा: इति आणि आदि मिळून इत्यादि. सूत्र आहे 'इको यणचि'. इक् म्हणजे इ-उ-ऋ-ऌ हा गट, यण् म्हणजे य-व-र-ल, अच् म्हणजे सगळे स्वर. गटाला नाव देऊन त्या नावावर नियम चालवायचा, हे तत्त्व खरंच तेच आहे. फरकही तितकाच महत्त्वाचा: 'अचि', म्हणजे पुढे स्वर असेल तरच. पाणिनीचा नियम शेजारी पाहतो. बॅकस-नाउर पद्धतीचा नियम शेजाऱ्याकडे पाहूच शकत नाही. त्या अर्थाने पाणिनीचं यंत्र जास्त समर्थ आहे, आणि म्हणूनच दोन्ही एकच म्हणणं चूक आहे.

नासाचा दावा मात्र १९८५ मधल्या रिक ब्रिग्ज यांच्या एका लेखातून फुगला. ते नासाच्या एम्स केंद्राशी जोडलेल्या संस्थेत होते. वाक्याचा अर्थ उलगडायची संस्कृत वैयाकरणांची रीत कृत्रिम बुद्धिमत्तेतल्या अर्थजाळ्यांशी (संकल्पना आणि त्यांचे संबंध जोडून दाखवणाऱ्या जाळ्यांशी) जुळते, असं त्यांनी दाखवलं. संस्कृतात प्रोग्राम लिहावेत असं त्यात नाही, आणि ती नासाची घोषणाही नव्हती. पाणिनीच्या थोरवीला या अफवेची गरज नाही.

कंपायलर त्याच भाषेत लिहिलेला असतो म्हणे. मग पहिला कसा चालला?

कोंबडी आधी की अंडं, असं वाटतं खरं. पण दुसरी वाट असते. जॉन मॅकार्थी यांनी लिस्प या भाषेतला प्रोग्राम कसा चालवायचा हे सांगणारा 'इव्हॅल' हा विचार गणित म्हणून कागदावर मांडला होता. त्यांचा सहकारी स्टीव्ह रसेल म्हणाला, मी हा ७०४ साठी हाताने कोड करतो. तू सिद्धांत आणि व्यवहार यांत गल्लत करतोयस, असं मॅकार्थी यांनी सांगितलं. रसेलने तरीही ते केलं, आणि लिस्पचा इंटरप्रिटर जन्माला आला. मग १९६२ मध्ये एमआयटीत हार्ट आणि लेव्हिन यांनी लिस्पचा कंपायलर लिस्पमध्येच लिहिला, तो या इंटरप्रिटरवर चालवला आणि त्याला अनुवादासाठी त्याचीच संहिता दिली. बाहेर पडला तो जलद चालणारा कंपायलर.

भारतात हे कधी आलं?

मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आर. नरसिंहन यांच्या नेतृत्वाखाली घडवलेलं यंत्र १९६० मध्ये सुरू झालं; १९६२ मध्ये त्याला टिफ्रॅक हे नाव मिळालं. एका वेळी ४० बिट हाताळणारं, चुंबकी कड्यांची मेमरी असलेलं, कागदी फितीवरून प्रोग्राम घेणारं. १९६३ मध्ये आयआयटी कानपूरला आयबीएम १६२० आला आणि व्ही. राजारामन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तिथे फोर्ट्रान शिकवायला सुरुवात केली. १९६४ मध्ये टाटा संस्थेत सीडीसी ३६०० आला. पवईच्या आयआयटीत मात्र सोव्हिएत मिन्स्क-२ होता.

यातलं काही आज स्वतः चालवून पाहता येईल का?

हो. एडसॅकची संगणकावर चालणारी प्रतिकृती मोफत मिळते. व्हीलर यांच्या त्या ३१ आज्ञा एकेक पाऊल चालवून पाहा, तासाभरात समजतात. फोर्ट्रानसाठी जीफोर्ट्रान हा आजचा मोफत कंपायलर पुरेसा आहे. त्याच्यात १९५७ चा तीन वाटांचा 'इफ' लिहा: उत्तर ऋण आलं तर एका क्रमांकाच्या ओळीवर, शून्य आलं तर दुसऱ्या, धन आलं तर तिसऱ्या. ही रचना कालबाह्य आहे अशी सूचना तो देईल, आणि तरीही चालवेल.